दिग्दर्शक-पटकथाकार रायको ग्रलिच : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

रायको ग्रलिच कोण आहेत?

क्रोएशियाचे चित्रपट दिग्दर्शक आणि पटकथाकार. जन्म झाग्रेबचा, २ सप्टेंबर १९४७. त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा कथापट १९७४ साली आला आणि अलीकडचा २०२४ साली. या पन्नास वर्षांत त्यांनी कथापट केले ते डझनभरच. पण ते ओळीने पाहिले तर एक अख्खा देश उभा राहताना, कुजताना, फुटताना आणि फुटल्यावर स्वतःला नव्याने शोधताना दिसतो. रणांगण मात्र फारसं कुठे दिसत नाही. त्यांचा कॅमेरा स्वयंपाकघरात, शेजघरात, जिन्यात आणि इस्पितळाच्या खाटेजवळ असतो. सरकार बदललं की नवराबायकोच्या बोलण्यात काय बदलतं, हे इतक्या बारकाईने पाहणारा दिग्दर्शक मला त्या प्रदेशात दुसरा दिसलेला नाही.

त्यांना युगोस्लाव्ह दिग्दर्शक म्हणायचं की क्रोएशियन?

दोन्ही बरोबर आहे. ते जन्मले, शिकले आणि मोठे झाले तेव्हा क्रोएशिया हे युगोस्लाव्हियाच्या सहा प्रजासत्ताकांपैकी एक होतं. १९९१ साली क्रोएशियाने स्वातंत्र्य जाहीर केलं आणि युद्ध पेटलं. तोवरचे ग्रलिच यांचे चित्रपट युगोस्लाव्ह म्हणून जगभर गेले, नंतरचे क्रोएशियन म्हणून. त्यांचं काम मात्र या तारखेने दोन तुकड्यांत विभागलेलं वाटत नाही. नट बेलग्रेडचा, लेखक स्प्लिटकडचा, चित्रीकरण मॅसेडोनियात, असं त्यांच्याकडे आधीही होतं आणि नंतरही राहिलं. आधी ते सहज घडायचं, नंतर त्यासाठी प्रत्येक वेळी झगडावं लागलं, एवढाच फरक.

घरची पार्श्वभूमी काय होती? तिचा चित्रपटांशी संबंध आहे का?

फार जवळचा. वडील दांको ग्रलिच हे तत्त्वज्ञ. सौंदर्यशास्त्र हा त्यांचा मुख्य विषय. 'प्राक्सिस' या नियतकालिकाभोवती जमलेल्या मार्क्सवादी विचारवंतांपैकी ते एक होते. हे नियतकालिक १९६४ ते १९७४ या काळात झाग्रेबमधून निघायचं. त्याच मंडळींच्या कोर्चुला बेटावरच्या उन्हाळी शिबिरांना हर्बर्ट मार्क्यूझ, अर्न्स्ट ब्लोख, युर्गेन हाबरमास असे नामवंत तत्त्वज्ञ येत असत. डावे असूनही हे लोक सत्ताधारी डाव्यांना उघड प्रश्न विचारत, आणि म्हणून सरकारच्या डोळ्यांत खुपत.

आई एवा ग्रलिच पत्रकार, अनुवादक आणि लेखिका. त्या ज्यू कुटुंबातल्या. दुसऱ्या महायुद्धात त्यांचे पहिले पती मारले गेले. पुढे १९४८ साली युगोस्लाव्हियाचे सर्वेसर्वा टिटो आणि सोव्हिएत नेते स्टालिन यांचं बिनसलं, आणि स्टालिनकडे झुकल्याचा संशय असलेल्यांची युगोस्लाव्हियात धरपकड सुरू झाली. त्या लाटेत रायको अगदी लहान असताना आईवडील दोघांनाही तुरुंगवास घडला. अॅड्रिआटिक समुद्रातलं गोली ओतोक हे ओसाड, खडकाळ बेट त्या काळातल्या छळछावणीसाठी कुप्रसिद्ध आहे. ज्या क्रांतीसाठी माणसं लढली, तिनेच त्यांना कोठडीत टाकलं, ही कथा ग्रलिच यांना पुस्तकातून शोधावी लागली नाही.

ते चित्रपट कुठे शिकले?

आधी झाग्रेबच्या हौशी सिनेक्लबमध्ये, अगदी कोवळ्या वयात. मग प्रागच्या फामू या चित्रपट अकादमीत. आपल्याकडे पुण्याच्या एफटीआयआयचं जे स्थान, तेच मध्य युरोपात फामूचं. तिथे त्यांना एल्मार क्लोस यांच्यासारखे गुरू लाभले. १९७१ साली ते पदवीधर झाले.

हा काळ फार महत्त्वाचा. १९६०च्या दशकात चेकोस्लोव्हाकियात एक नवी लाट आली होती. साधी माणसं, मोकळी विनोदबुद्धी आणि व्यवस्थेची हळूच घेतलेली झाडाझडती, हे त्या चित्रपटांचं वैशिष्ट्य. मग ऑगस्ट १९६८मध्ये वॉर्सा कराराच्या फौजा रणगाड्यांसह देशात शिरल्या आणि ती बहर अर्ध्यावरच थांबली. ग्रलिच तेव्हा तिथले विद्यार्थी होते. त्यांच्या आसपासच सर्जान कारानोविच, लोर्दान झाफ्रानोविच, गोरान मार्कोविच, गोरान पास्काल्येविच हे युगोस्लाव्ह तरुण प्रागला शिकले, आणि काही वर्षांनी एमिर कुस्तुरित्साही तिथेच शिकायला गेले. समीक्षक या सगळ्यांना मिळून 'प्राग पिढी' म्हणतात. प्रत्येकाची वाट वेगळी, पण पटकथा घट्ट असावी, नटाला मोकळीक असावी आणि गंभीर गोष्ट सांगताना प्रेक्षकाला हसायची परवानगी असावी, हा संस्कार सगळ्यांत दिसतो.

पहिले चित्रपट कोणते?

'कुद पुक्लो दा पुक्लो' हा १९७४ सालचा पहिला कथापट. नावाचा अर्थ साधारण 'जे होईल ते होवो'. त्यानंतर १९७८ साली 'ब्राव्हो मायस्त्रो'. एक हुशार तरुण संगीतकार, त्याच्यावर सगळ्यांच्या आशा, आणि यशाच्या पायऱ्या चढताना त्याने केलेल्या तडजोडी. मुख्य भूमिकेत रादे शेर्बेजिया. हा चित्रपट फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत होता. तिशी नुकतीच ओलांडलेल्या दिग्दर्शकासाठी ही मोठी झेप.

त्यांनी दूरदर्शन मालिकाही लिहिली होती का?

हो, आणि ती अजूनही त्या भागात घराघरात माहीत आहे. 'ग्रलोम उ यागोदे' ही दहा भागांची मालिका कारानोविच यांनी दिग्दर्शित केली आणि ग्रलिच सहलेखक होते. बेलग्रेडच्या बाने बुंबार नावाच्या मुलाचं वयात येणं. १९६० ते १९६९, प्रत्येक वर्षाला एक भाग. पहिलं प्रेम, मित्र, गाणी, आजी, परीक्षा. झाग्रेबच्या लेखकाने बेलग्रेडच्या गल्लीबोळातलं तारुण्य लिहिलं, आणि तेव्हा कुणालाही त्यात नवल वाटलं नाही.

'सामो येद्नोम से ल्युबी' इतका महत्त्वाचा का मानतात?

माझ्या मते ग्रलिच यांचा हा सर्वोत्तम चित्रपट. साल १९८१. नावाचा अर्थ 'प्रेम एकदाच होतं'. कानच्या 'अं सर्तें रगार' विभागात तो दाखवला गेला.

युद्ध नुकतंच संपलंय. तोमिस्लाव हा पार्टिझन, म्हणजे डोंगरदऱ्यांत राहून नाझींशी लढलेला गडी, आता एका छोट्या गावात नव्या सत्तेचा माणूस झालाय. हातात अधिकार आहे, अंगात जिंकल्याची धुंदी आहे. गावात तरुण कलाकारांचा एक ताफा येतो, त्यातल्या नर्तकीवर त्याचा जीव जडतो. ती जुन्या, सुखवस्तू घरातली. नव्या राजवटीच्या भाषेत 'शत्रुवर्गातली'. दोघं लग्न करतात. मग तिचे आईवडीलही घरात राहायला येतात, आणि मित्र, पक्ष, सासर असे सगळे मिळून त्या एवढ्याशा घराचा श्वास कोंडतात.

मिकी मनॉयलोविच यांनी तोमिस्लाव असा उभा केलाय की त्याचा राग येतो आणि कीवही येते. त्याला फक्त दोनच गोष्टी मनापासून येतात, लढणं आणि प्रेम करणं. शांततेच्या काळात दोन्हींचा उपयोग कुणाला नको असतो. व्लादित्सा मिलोसाव्ल्येविच यांची नायिकाही तितकीच जिवंत आहे. ती बळी म्हणून रडत बसत नाही, देहाची भूक आणि जगायची ओढ दोन्ही उघडपणे दाखवते. स्वीडिश नट अरलांड योसेफसनही यात आहेत.

१९८१ साली हे दाखवणं सोपं नव्हतं. टिटोंना जाऊन अवघं वर्ष झालं होतं आणि पार्टिझन हा अजून पुतळ्यावरचा वीर होता. त्या वीराच्या हातून घरातलं माणूस कसं चिरडलं जातं, हे ग्रलिच यांनी प्रेमकथेच्या आत ठेवून सांगितलं. घोषणाबाजीचा चित्रपट असता तर तो तेव्हाच जुना झाला असता. आजही तो अंगावर येतो, कारण त्यातली वासना आणि भीती खरी आहे.

दुब्राव्का उग्रेशिच यांच्याबरोबर त्यांनी काय केलं?

दोन चित्रपट. उग्रेशिच या क्रोएशियन साहित्यातल्या अतिशय तल्लख लेखिका. त्यांची १९८१ सालची लघुकादंबरी श्टेफित्सा त्स्वेक नावाच्या एका टायपिस्टची गोष्ट सांगते. एकटी, जरा गुबगुबीत, मासिकांतले सल्ले वाचून नवरा शोधणारी. त्यावर १९८४ साली 'उ राल्यामा झिवोता', म्हणजे 'आयुष्याच्या जबड्यात', हा चित्रपट आला. पटकथा दोघांनी मिळून लिहिली. ग्रलिच यांनी त्यात एक पात्र वाढवलं : श्टेफित्साची मालिका तयार करणारी दिग्दर्शिका. गोरित्सा पोपोविच दिग्दर्शिकेच्या भूमिकेत, वितोमिरा लोन्चार श्टेफित्साच्या. पडद्यावरची बाई हास्यास्पद वाटते, आणि तिला घडवणारी शहाणी, शिकलेली बाईही प्रेमात तितकीच भांबावलेली निघते. दोघींची आयुष्यं एकमेकींत झिरपत जातात. खळखळून हसवणारा चित्रपट आहे, आणि श्टेफित्साची टवाळी तो करत नाही, ही त्यातली माया.

त्यानंतरचा 'झा स्रेचु ये पोत्रेब्नो त्रोये' (सुखासाठी तिघं लागतात) हाही दोघांनी लिहिलेला. त्यात मिकी मनॉयलोविच आणि मिरा फुरलान. पुढे १९९०च्या दशकात उग्रेशिच आणि फुरलान दोघींनाही राष्ट्रवादी प्रचाराने लक्ष्य केलं आणि दोघींनी देश सोडला. उग्रेशिच २०२३ साली अॅम्स्टरडॅममध्ये वारल्या, फुरलान २०२१ साली अमेरिकेत. हे चित्रपट आज पाहताना ते डोक्यात राहतंच.

त्यांनी इंग्रजी चित्रपट केला आहे का?

१९८९ सालचा 'दॅट समर ऑफ व्हाइट रोझेस'. मूळ कादंबरी सर्बियन लेखक बोरिस्लाव पेकिच यांची. नाझींच्या ताब्यातला एक नदीकाठ, तिथला भोळा जीवरक्षक. माणूस बुडत असेल तर वाचवायचा, एवढाच त्याचा धर्म. मग बुडणारा माणूस कोण आहे यावरून त्याचं आयुष्य उलटंपालटं होतं. टॉम कॉन्टी, सुझन जॉर्ज आणि रॉड स्टायगर हे प्रमुख कलाकार. तोक्योच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात याला सर्वोच्च पुरस्कार मिळाला आणि ग्रलिच यांना दिग्दर्शनाचाही.

मग ते अमेरिकेला का गेले?

१९९१ साली 'चारुगा' आला. पहिल्या महायुद्धानंतर क्रोएशियाच्या स्लाव्होनिया भागात धुमाकूळ घालणारा, १९२५ साली ओसियेकला फाशी गेलेला खरा दरोडेखोर योव्हान स्तानिसाव्ल्येविच चारुगा हा त्याचा नायक. आधार इव्हान कुशान यांच्या पुस्तकाचा, मुख्य भूमिका इव्हो ग्रेगुरेविच यांची. न्यायाच्या नावाने सुरू झालेली टोळी लुटारूंची टोळी कशी होते, याची ही गोष्ट. चित्रपट पूर्ण झाला आणि ज्या देशात तो केला तो देशच कोसळला.

युद्धात सगळीकडे 'आपला' आणि 'त्यांचा' अशी वाटणी झाली. सहाही प्रजासत्ताकांतल्या माणसांबरोबर काम केलेल्या दिग्दर्शकाला त्या वातावरणात जागा उरली नाही. ग्रलिच कुटुंबासह अमेरिकेत गेले आणि पुढे ओहायो राज्यातल्या अथेन्स गावी ओहायो विद्यापीठात चित्रपट शिकवू लागले. मायदेशातल्या त्यांच्या दोन कथापटांमध्ये तब्बल पंधरा वर्षांची पोकळी आहे. चाळिशीच्या मध्यापासून साठीच्या उंबरठ्यापर्यंतची, दिग्दर्शकाच्या भराच्या काळातली ही वर्षं. मला हे नुकसान फार मोठं वाटतं.

त्या पंधरा वर्षांत त्यांनी काहीच केलं नाही का?

केलं. 'जोसेफीन' हा एक कथापट झाला. १९९८ साली चित्रपटनिर्मिती शिकवणारा संवादी सीडी-रॉम संच त्यांनी तयार केला, इंटरनेटवर चित्रफिती पाहायची सोय नव्हती तेव्हा. आणि २००१ साली इगोर मिर्कोविच यांच्याबरोबर 'नोवो, नोवो व्रियेमे' हा माहितीपट केला. क्रोएशियाचे पहिले अध्यक्ष फ्रान्यो तुजमान डिसेंबर १९९९मध्ये वारले, त्यानंतरच्या निवडणुकांत सत्ता पालटली. पुढारी भाषणांआधी आणि भाषणांनंतर कसे असतात, हे त्यात जवळून दिसतं.

मोतोवुन महोत्सवाशी त्यांचं नातं काय?

ते संस्थापकांपैकी एक. क्रोएशियाच्या इस्त्रिया भागात मोतोवुन नावाचं डोंगरमाथ्यावरचं जुनं तटबंदीचं गाव आहे. १९९९ साली तिथे महोत्सव सुरू झाला. लाल गालिचा नाही, मोठी हॉटेलं नाहीत. तरुण तंबू ठोकून राहत, चौकात उघड्यावर पडदा लागे. पुरस्काराचं नाव 'मोतोवुनचा प्रोपेलर', कारण जहाजाच्या प्रोपेलरवर काम करणारे योसेफ रेसेल एकेकाळी तिथल्या जंगलाची देखरेख करत. युद्धानंतर कोंडलेल्या देशात जगभरचे लहान, स्वतंत्र चित्रपट आणि पूर्वीच्या युगोस्लाव्हियातले प्रेक्षक एकाच चौकात आले, हे या महोत्सवाचं खरं काम.

'काराउला' कशाबद्दल आहे?

'काराउला' म्हणजे सीमेवरची चौकी. साल १९८७, युगोस्लाव्हिया आणि अल्बानियाची सरहद्द, खाली ओहरिद सरोवर. चौकीचा अधिकारी पाशिच याला गुप्तरोग झालाय. उपचाराला तीन आठवडे लागणार, तोवर बायकोपासून लांब राहायला कारण हवं. म्हणून तो जाहीर करतो की अल्बानिया हल्ला करणार आहे, कुणीही चौकी सोडायची नाही. औषध आणायला मात्र स्प्लिटचा डॉक्टर पोरगा सिनिशा खाली शहरात जाऊ शकतो. तिथे त्याची आणि अधिकाऱ्याच्या बायकोची गाठ पडते. दरम्यान बेलग्रेडचा ल्युबा नावाचा इरसाल शिपाई टिटोंच्या समाधीपर्यंत पायी जाण्याचा संकल्प सोडतो आणि वरिष्ठांची पंचाईत होते, कारण अशा भक्तीला नाही कसं म्हणायचं?

पहिला तासभर पोट धरून हसावं असा चित्रपट आहे. मग हळूहळू कळतं की खोटा शत्रू उभा केला की बंदुका खऱ्याच सुटतात. चार वर्षांनी काय होणार हे प्रेक्षकाला ठाऊक आहे, पात्रांना नाही. ग्रलिच यांनी ते एकदाही बोलून दाखवलेलं नाही, आणि त्यामुळेच शेवट इतका लागतो.

आंते तोमिच यांच्या २००३ सालच्या कादंबरीवरून दोघांनी पटकथा लिहिली. २००६ साली आलेला हा चित्रपट देश फुटल्यानंतर पूर्वीच्या सगळ्या प्रजासत्ताकांनी एकत्र येऊन निर्माण केलेला पहिला मानला जातो. एमिर हाजिहाफिझबेगोविच यांचा पाशिच आणि सेर्गेय त्रिफुनोविच यांचा ल्युबा, दोघेही विसरता येत नाहीत.

'उस्ताव रेपुब्लिके ह्रवात्स्के' वरून इतकी चर्चा का झाली?

नावच 'क्रोएशिया प्रजासत्ताकाची राज्यघटना'. २०१६ सालचा हा चित्रपट झाग्रेबच्या एका इमारतीत घडतो. वर व्येको राहतो : शाळेत इतिहास शिकवणारा, कडवा क्रोएशियन राष्ट्रवादी आणि समलिंगी. जोडीदार वारलाय. रात्री तो बाईच्या वेशात बाहेर पडतो. घरात अंथरुणाला खिळलेले वडील, महायुद्धातल्या फॅसिस्ट राजवटीचे अधिकारी. एके रात्री गुंड व्येकोला बेदम मारतात. इस्पितळात त्याची काळजी घेणारी परिचारिका माया त्याच इमारतीत खाली राहते. तिचा नवरा आंते पोलीस आहे, सर्ब आहे, म्हणजे १९९१च्या युद्धात ज्यांच्याशी लढाई झाली त्या समाजाचा, आणि अक्षरं त्याला नीट वाचता येत नाहीत. नोकरी टिकवायची तर त्याला राज्यघटनेची परीक्षा द्यायचीय. शिकवणार कोण? व्येको.

सर्बांचा मनस्वी तिटकारा असलेला माणूस एका सर्बाला समतेचं कलम पाठ करून घेतोय, आणि त्याच कलमाने स्वतः त्यालाही संरक्षण दिलंय हे त्याच्या लक्षात येत जातं. पाठांतराचे हे प्रसंग म्हणजे चित्रपटाचा गाभा. नेबोयशा ग्लोगोवात्स यांनी व्येकोची प्रत्येक हालचाल तोलून केली आहे. क्रोएशियन राष्ट्रवाद्याच्या भूमिकेत बेलग्रेडचा नट, हीच अर्ध्या प्रेक्षकांना धक्का देणारी निवड होती. ग्लोगोवात्स २०१८ साली अकाली गेले. क्सेनिया मारिंकोविच यांची माया हा या घराचा खरा आधार. माँट्रियल महोत्सवात चित्रपटाला सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

पटकथा ते एकटे लिहितात का?

क्वचितच. आधी कारानोविच, मग उग्रेशिच, आणि २००६ पासून सातत्याने तोमिच. 'काराउला', २०१० सालचा 'नेका ओस्ताने मेजु नामा' (आपल्यातच राहू दे), राज्यघटनेचा चित्रपट आणि २०२४ सालचा 'स्वेमु दोजे क्राय', हे चारही दोघांचे. 'नेका ओस्ताने'साठी ग्रलिच यांना कार्लोवी व्हारीच्या चित्रपट महोत्सवात सर्वोत्तम दिग्दर्शकाचा पुरस्कार मिळाला. शेवटच्याला क्रोएशियन लेखक मिरोस्लाव क्रलेझा यांच्या १९३८ सालच्या कादंबरीचा सैलसर आधार आहे : एक प्रतिष्ठित वकील बड्या माणसाविषयी जे खरं ते बोलून जातो आणि त्याची किंमत मोजतो. तोमिच हे डाल्मेशियाचे, तिरकस विनोदाचे लेखक. त्यांच्यामुळे ग्रलिच यांच्या उत्तरायुष्यातल्या चित्रपटांना एक मोकळं हसू मिळालं.

त्यांच्या चित्रपटांत खटकणारं काही?

आहे. 'राज्यघटना'मध्ये माणसं एकमेकांच्या जवळ येतात ती थोडी जास्तच नेटकेपणे, जणू आधीच ठरल्यासारखी. 'नेका ओस्ताने'मधले झाग्रेबचे मध्यमवयीन पुरुष आणि त्यांची लफडी यांत बायकांना स्वतःचं जग कमी मिळालंय. श्टेफित्सा लिहिणाऱ्या माणसाकडून मी जास्त अपेक्षा करतो. पण त्यांचा एकही चित्रपट निर्विकार नाही.

त्यांनी पुस्तक लिहिलं आहे का?

'नेइसप्रिचाने प्रिचे', म्हणजे न सांगितलेल्या गोष्टी. २०१८ साली आलं. रचना शब्दकोशासारखी : चित्रपटाच्या धंद्यातली एकेक संज्ञा घ्यायची आणि तिच्याखाली आठवण सांगायची. तुरुंगात गेलेले आईवडील, प्राग, सेन्सॉर, निर्माते, ओहायोचे विद्यार्थी, सगळे त्यात येतात.

सुरुवात कुठून करावी?

'काराउला'पासून. तो पाहताना इतिहासाची तयारी लागत नाही. सबटायटल्समध्ये एक गोष्ट मात्र निसटते : शिपाई वेगवेगळ्या प्रदेशांतले आहेत आणि तोंड उघडताच तिथल्या प्रेक्षकाला त्यांचं गाव कळतं. सोलापूरचा, मालवणचा आणि नागपूरचा माणूस बोलू लागला की आपल्याला कळतं तसंच. तेव्हा आवाजाकडे कान ठेवून पाहा. त्यानंतर 'राज्यघटना', मग मागे वळून 'उ राल्यामा झिवोता'. 'सामो येद्नोम से ल्युबी' शेवटी ठेवा, आणि १९४५ नंतरच्या युगोस्लाव्हियाबद्दल थोडं वाचून मगच बसा. लहान मुलांना सोबत घेऊ नका, त्यातली शरीरं आणि हिंसा दोन्ही उघडी आहेत.